आजोबांचा सिनेमा किती ठिपक्यांचा?

मुलांनो, आजोबा टीव्हीवर एखादा जुना हिंदी सिनेमा लावून बसले आहेत आणि तुम्ही दोन मिनिटं डोकावला आहात, असं कधी ना कधी झालं असेलच. पडद्यावर सगळं धुरकट. चेहरे रबरानं पुसल्यासारखे. तुम्ही म्हणता, "शी! किती अंधूक! तेव्हा कॅमेरेच चांगले नव्हते वाटतं?" त्यावर आजोबा म्हणतात, "अरे, आम्ही थिएटरात पाहिला तेव्हा आरशासारखा लख्ख दिसायचा!"

आता सांगा पाहू, खरं कोणाचं?

खरं आजोबांचं! ते काही वाढवून सांगत नाहीत. सिनेमा लख्खच होता. अंधूक झाली आहे ती तुमच्यापर्यंत पोचलेली त्याची नक्कल. आणि गंमत अशी की, १९५७ साली काढलेला सिनेमा २००० साली निघालेल्या त्याच्याच व्हीसीडीपेक्षा कितीतरी पटींनी स्पष्ट असू शकतो. हे कसं काय, ते आज आपण पाहू. थोडं गणित लागेल हं, पण सोपं!

रिळात दडलेलं चित्र

सिनेमा म्हणजे भराभर दाखवलेल्या फोटोंची माळ, हे तुम्हाला ठाऊक आहेच. बोलपट आले तेव्हापासून दर सेकंदाला २४ फोटो ही पद्धत ठरून गेली. हे फोटो ३५ मिलिमीटर रुंदीच्या लांबलचक फिल्मवर एकाखाली एक असत. एका फुटात १६ फोटो. म्हणजे एका मिनिटाला ९० फूट फिल्म! १००० फुटांचं एक रीळ जेमतेम ११ मिनिटांत संपायचं. अडीच तासांच्या सिनेमाला साडेतेरा हजार फूट, म्हणजे चार किलोमीटरहून जास्त फिल्म लागायची. पत्र्याच्या गोल डब्यांत बसून ही रिळं गावोगाव फिरायची.

या फिल्मवर जिलेटिनचा एक पातळ थर असतो आणि त्यात चांदीच्या क्षारांचे अगदी बारीक कण असतात. त्यांच्यावर प्रकाश पडतो, मग रसायनांनी फिल्म धुतात आणि चित्र उमटतं. हे कण इतके बारीक आणि इतके असंख्य असतात की, चांगल्या ३५ मिलिमीटर निगेटिव्हमधला बारकावा उचलायला आजसुद्धा एका फोटोच्या रुंदीत ४००० हून जास्त ठिपके घेऊन स्कॅनिंग करतात. म्हणजे आज आपण ज्याला 'फोर-के' म्हणून मिरवतो, त्या तोडीचा मालमसाला त्या जुन्या रिळात आधीपासूनच दडलेला होता!

उदाहरण सांगते. गुरुदत्त यांचा 'कागज़ के फूल' हा चित्रपट १९५९ सालचा. त्यात स्टुडिओच्या अंधारात वरून उन्हाचा एक झोत तिरपा खाली येतो, असं एक प्रसिद्ध दृश्य आहे. छायाचित्रकार व्ही. के. मूर्ती यांनी मोठाले आरसे लावून खरं ऊन आत आणलं आणि तो झोत तयार केला. त्या झोतात तरंगणारे धूलिकण हाच त्या दृश्याचा प्राण. चांगल्या प्रतीत ते कण दिसतात. वाईट प्रतीत झोताच्या जागी पांढरट चौकोनांचा एक पट्टा दिसतो. मग पाहणारा म्हणतो, "यात एवढं काय आहे?" बिचाऱ्या मूर्तींचा काय दोष!

ठिपक्यांची रांगोळी

दिवाळीत दारात रांगोळी काढताना ठिपके मोजता ना? पाच ओळी पाच ठिपक्यांत कमळ येतं, पण अगदी साधं. पाकळ्यांच्या शिरा, देठ, पानावरचा थेंब हे सगळं दाखवायचं तर एकवीस ओळींची रांगोळी हवी. टीव्हीवरच्या चित्राचंही असंच आहे. ते ठिपक्यांचं बनलेलं असतं. आडवे ठिपके गुणिले उभे ठिपके म्हणजे एका चित्रातले एकूण ठिपके. आता हे पाहा :

व्हीसीडी : ३५२ × २८८ = १,०१,३७६ ठिपके
डीव्हीडी : ७२० × ५७६ = ४,१४,७२० ठिपके
ब्लू-रे : १९२० × १०८० = २०,७३,६०० ठिपके
फोर-के : ३८४० × २१६० = ८२,९४,४०० ठिपके

(अमेरिका-जपानकडच्या पद्धतीत डीव्हीडीची उभी बाजू ४८० ठिपक्यांची असते. आपल्याकडच्या बऱ्याच हिंदी सिनेमांच्या डीव्हीडी त्याही पद्धतीत निघाल्या.)

व्हीसीडीच्या एका ठिपक्याच्या जागी फोर-केमध्ये जवळजवळ ८२ ठिपके! आता व्हीसीडीवर नायिकेच्या पापण्या का दिसत नाहीत ते लक्षात आलं? तिथे पापणीच्या वाट्याला ठिपकाच उरलेला नसतो.

कॅसेट आणि कानगोष्ट

व्हीसीडीच्याही आधी होती व्हिडिओ कॅसेट. तुमच्या आईबाबांना विचारा. व्हीसीआर आणि तीन सिनेमे एका रात्रीपुरते भाड्यानं आणायचे, शेजारच्यांनाही बोलवायचं आणि पहाटेपर्यंत जागायचं, अशी तेव्हा पद्धत होती. व्हीएचएस ही कॅसेटची पद्धत जपानमध्ये १९७६ साली निघाली आणि १९८० नंतरच्या काळात आपल्याकडे घरोघर पोचली.

कॅसेटमध्ये ठिपके नसायचे. चुंबकीय फितीवर चित्राची लहर नोंदवलेली असायची. आडव्या दिशेनं मोजलं तर सुमारे २४० रेषांइतकाच बारकावा तिच्यात मावायचा. त्यातून व्हीसीआरचं हेड मळलं की पडद्यावर मुंग्याच मुंग्या!

पण सर्वांत मोठी अडचण वेगळीच होती. तुम्ही वर्गात कानगोष्टीचा खेळ खेळता ना? पहिल्याच्या कानात सांगितलेलं वाक्य दहाव्याकडे पोचेपर्यंत त्याचं काहीतरी भलतंच होऊन बसतं. कॅसेटचं तसंच व्हायचं. मूळ निगेटिव्हवरून छापलेली थिएटरची प्रत, ती शंभर खेळांत घासून ओरखडे पडलेली. तिच्यावरून कॅसेट, त्या कॅसेटवरून दुसरी कॅसेट, तिच्यावरून तिसरी. दर वेळी रंग थोडे पसरायचे आणि कडा थोड्या विरघळायच्या.

पुढे व्हीसीडी आल्या तेव्हा काही सिनेमांच्या बाबतीत मूळ रिळाकडे जायची तसदी न घेता जवळ होती ती जुनी टेपच वापरली गेली. म्हणजे कानगोष्टीतल्या सातव्या मुलाचं बोलणं नव्या कोऱ्या वहीत सुवाच्य अक्षरात उतरवून घेतलं! अक्षर कितीही सुंदर असो, वाक्य चुकलेलं ते चुकलेलंच.

हजेरीची युक्ती

कॅसेटनंतर आलं डिजिटल युग. डिजिटल म्हणजे चित्र आकड्यांत लिहून ठेवायचं. आकड्यांची नक्कल तंतोतंत होते. सत्तावीस लिहिलं तर शंभराव्या वहीतही सत्तावीसच! मग इथे कानगोष्टीची भीती संपली का? नाही. त्याचं कारण समजायला थोडं गणित करू.

ब्लू-रेच्या आकाराच्या एका चित्रात २०,७३,६०० ठिपके. प्रत्येक ठिपक्याचा रंग लिहायला ३ बाइट. सेकंदाला २४ चित्रं. गुणाकार करा. सेकंदाला जवळजवळ १५ कोटी बाइट होतात! ३२ जीबीचा पेनड्राइव्ह साडेतीन मिनिटांत भरून जाईल. अजून नावांची पाटीसुद्धा संपलेली नसेल!

म्हणून मग युक्ती काढली. ती कशी, ते वर्गातल्या हजेरीवरून सांगते. माझ्या वर्गात चाळीस मुलं आहेत. रोज चाळीस नावं लिहायची म्हटलं तर किती वेळ जाईल! त्याऐवजी मॉनिटर येऊन सांगतो, "बाई, कालचेच सगळे आहेत. फक्त सात नंबर आला नाही आणि बारा नंबर आजारातून उठून आला." झालं काम! संगणकही असंच करतो. पहिलं चित्र पूर्ण लिहितो. पुढच्या चित्रात मागची भिंत तीच, खुर्ची तीच, फक्त नायकाचा हात हलला. मग तेवढा बदलच लिहितो. या युक्तीला म्हणतात संक्षेपण किंवा 'कॉम्प्रेशन'. व्हीसीडीत वापरली ती पद्धत एमपेग-१, डीव्हीडीतली एमपेग-२. पुढे २००३ साली एच.२६४ आणि २०१३ साली एच.२६५ या आणखी हुशार पद्धती आल्या. कमी जागेत तेच चित्र जास्त चांगलं बसवायचं, हे यांचं काम.

पण समजा, एक दिवस सगळी मुलं जागा बदलून बसली, तर? मॉनिटरचा गोंधळ उडेल. सिनेमात पाऊस आला, समुद्राच्या लाटा आल्या, गाण्यात शंभर माणसं नाचू लागली की तसंच होतं. प्रत्येक ठिपका बदलतो. लिहायला जागा मात्र ठरलेली. व्हीसीडीला चित्रासाठी सेकंदाला ११५० किलोबिट एवढीच जागा मिळायची. मग संगणक ढोबळमानानं लिहून मोकळा होतो आणि पडद्यावर मोठाले चौकोन उड्या मारू लागतात.

जुन्या सिनेमांच्या नशिबी तर आणखी एक संकट. फिल्मवरचे ते चांदीचे बारीक कण आठवतात? प्रत्येक फोटोत ते वेगळ्या जागी असतात. म्हणजे जुन्या सिनेमात शांत दृश्यातही सगळा वर्ग सतत जागा बदलत असतो! ही कटकट नको म्हणून काही जण ते कणच पुसून टाकतात. कणांबरोबर त्वचेचा पोत जातो, साडीची वीण जाते आणि माणसं मेणाच्या बाहुल्यांसारखी दिसू लागतात. तेव्हा पुढच्या वेळी जुन्या सिनेमात बारीक रवाळपणा दिसला, तर त्याला घाण समजू नका. तो फिल्मचा स्वभाव आहे. उड्या मारणारे चौकोन दिसले, तर मात्र खुशाल नाकं मुरडा!

आणखी एक. पूर्वी एकाच डीव्हीडीत पाच-पाच सिनेमे कोंबलेल्या चोरट्या प्रती रस्त्यावर विकायला असायच्या. हिशेब करून पाहा. साध्या डीव्हीडीत जागा ४.७ जीबी. अडीच तासांचे पाच सिनेमे म्हणजे साडेबारा तास. भागाकार केला तर सेकंदाला साधारण ८३५ किलोबिट येतात. म्हणजे व्हीसीडीपेक्षाही कमी! नाव डीव्हीडीचं आणि चित्र तिच्या धाकट्या भावाहून वाईट. शिवाय ज्यांनी घाम गाळून सिनेमा काढला, त्यांना एक पैसाही नाही.

डबा वेगळा, भाजी वेगळी

संगणकावर सिनेमाच्या फाइलच्या नावापुढे एमपी४, एमकेव्ही, एव्हीआय अशी शेपटी असते. "एमकेव्ही आहे, म्हणजे चांगलाच असणार," असं मोठी मुलं म्हणताना ऐकू येतं. ते काही खरं नाही. हे सगळे फक्त डबे आहेत. मधल्या सुट्टीत तुमचा डबा स्टीलचा की प्लॅस्टिकचा, यावरून आतल्या भाजीची चव ठरते का? डब्यात चित्र असतं, आवाज असतो, कधी खाली दिसणारी अक्षरंही असतात. चव ठरते ती चित्र कुठून घेतलं, किती ठिपक्यांत घेतलं आणि किती दाबून बसवलं यावरून.

तसंच 'फोर-के' या लेबलाचं. एका ठिपक्याचे ब्याऐंशी ठिपके करायला संगणकाला काय वेळ लागतो! पाच ठिपक्यांची रांगोळी अंगणभर मोठी काढली म्हणून तिच्यात नवी पाकळी येत नाही. हल्ली कृत्रिम बुद्धिमत्तेची मदत घेऊन हरवलेला बारकावा भरतात. पण ते भरणं म्हणजे अंदाज. गर्दीतल्या माणसाला संगणक स्वतःच्या मनानं डोळे काढतो. ते डोळे त्या माणसाचे नसतातच!

म्हणून प्रश्न विचारायचा तो असा : "फोर-के आहे, पण कशावरून केलं आहे?" मूळ निगेटिव्हवरून केलं असेल तर वा! जुन्या टेपवरून केलं असेल तर सुंदर अक्षरातली कानगोष्ट.

पाचवा हिस्सा की अर्धा?

ठिपके झाले, आता चौकट. १९५० च्या आसपासचे सिनेमे जवळजवळ चौकोनी असत. उंची ३ तर रुंदी ४, एवढंच प्रमाण. 'बूट पॉलिश', 'जागृति', 'दो आँखें बारह हाथ' हे त्या आकाराचे. आजचा टीव्ही मात्र १६ बाय ९, म्हणजे लांबट. मग दोन्ही बाजूंना काळे पट्टे येतात. काही जणांना ते खुपतात. मग ते चित्र ओढून ताणतात आणि सगळी माणसं बुटकी नि जाडी होतात! किंवा पडदा भरावा म्हणून वरून-खालून चित्र कापलं जातं. तब्बल पाव भाग जातो आणि उभ्या माणसाचं कपाळच उडतं.

याच्या उलट 'कागज़ के फूल'. तो भारतातला पहिला सिनेमास्कोप चित्रपट. त्याची रुंदी उंचीच्या २.३५ पट. जुन्या चौकोनी टीव्हीवर तो पूर्ण भरायचा तर ४० टक्क्यांहून जास्त चित्र बाजूंनी कापावं लागे. डावीकडचा माणूस बोलतोय आणि दिसतंय फक्त नाक, असा प्रकार! तेव्हा काळे पट्टे दिसले तर चिडू नका. दिग्दर्शकानं जेवढं दाखवायचं ठरवलं, तेवढं सगळं तुम्हाला मिळतंय, याची ती पावती आहे.

रंगांचंही असंच. 'मुग़ल-ए-आज़म' १९६० साली आला तेव्हा बहुतेक सगळा काळा-पांढरा होता. शीशमहालातलं गाणं आणि आणखी काही भाग रंगीत होता. २००४ साली संगणकानं तो पूर्ण रंगवून पुन्हा थिएटरात आणला गेला. मुलांना तो आवडलाही. पण काळ्या-पांढऱ्यातून एकदम झगमगत्या रंगात जाण्याची जी जादू होती, ती मूळ प्रतीतच अनुभवता येते. दोन्ही पाहा आणि तुम्हीच ठरवा.

मूळ रीळच नसेल तर?

आतापर्यंत आपण म्हणत आलो की मूळ रिळाकडे जावं. पण मुलांनो, मूळ रीळच उरलं नसेल तर?

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात 'आलम आरा' हा भारताचा पहिला बोलपट लागला. लोकांनी तुफान गर्दी केली. आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. काही फोटो आहेत, जाहिराती आहेत, सिनेमा नाही. ब्लू-रे असो की फोर-के, ठिपके भरायचे तरी कशानं? त्याआधीचा दादासाहेब फाळके यांचा १९१३ सालचा 'राजा हरिश्चंद्र'सुद्धा पूर्ण उरलेला नाही.

हे असं का झालं? पहिलं कारण आग. १९५० च्या सुमारापर्यंत फिल्म नायट्रेटची असे. ती चटकन पेटते आणि पेटली की पाण्याखालीसुद्धा जळत राहते, कारण जळताना लागणारा ऑक्सिजन तिचा तीच तयार करते! जानेवारी २००३ मध्ये पुण्यात अशाच नायट्रेट रिळांच्या कोठाराला आग लागली आणि शेकडो जुन्या चित्रपटांची रिळं गेली. दुसरं कारण हवा. नंतरच्या अ‍ॅसिटेट फिल्मला उष्णता आणि दमटपणा सोसत नाही. तिला व्हिनेगरसारखा आंबट वास येऊ लागतो, ती आक्रसते, वाकडी होते. मुंबईच्या पावसाळ्यात उघड्या गोदामात पडलेल्या रिळांचं काय होत असेल, विचार करा. तिसरं कारण मात्र माणूस. सिनेमा चालेनासा झाला की जुनी रिळं भंगारात विकायची, त्यांतून चांदी काढून घ्यायची, असं सर्रास चालायचं.

चेतन आनंद यांचा 'नीचा नगर' हा चित्रपट १९४६ साली फ्रान्समधल्या कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्काराचा मानकरी ठरला. पुढे त्याची प्रत मिळेना. ती कलकत्त्यातल्या एका भंगाराच्या दुकानात छायाचित्रकार सुब्रत मित्र यांना सापडली आणि त्यांनी ती वाचवली, असं सांगितलं जातं. एका माणसाची नजर पडली म्हणून सिनेमा उरला!

अशी रिळं सांभाळण्यासाठीच १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं. पी. के. नायर यांनी देशभर हिंडून, लोकांच्या माळ्यांवरून, गोदामांतून रिळं गोळा केली. फाळक्यांच्या चित्रपटांचे उरलेले भाग आज पाहायला मिळतात ते या खटपटीमुळे. २०२२ साली हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. काम मात्र चालू आहे.

'शोले'ची गोष्ट

जुना सिनेमा पुन्हा लख्ख कसा करतात, ते 'शोले'वरून पाहा. १९७५ साली आलेला हा सिनेमा कोणाला माहीत नाही? तो ३५ मिलिमीटरवर काढून ७० मिलिमीटरच्या भव्य पडद्यासाठी मोठा केला होता. पण इतक्या गाजलेल्या सिनेमाची ७० मिलिमीटरची एकही प्रत उरली नव्हती! मूळ निगेटिव्हही फार खराब झाली होती. तेव्हा मुंबई आणि ब्रिटनमधल्या गोदामांतून जुनी रिळं शोधून काढली गेली. मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशननं जवळजवळ तीन वर्षं या कामात घालवली. जून २०२५ मध्ये इटलीतल्या बोलोन्या शहरात, भर चौकात, उघड्या आकाशाखाली हा नवा 'शोले' दाखवला गेला. १९७५ साली सेन्सॉरमुळे बदलावा लागलेला मूळ शेवटही त्यात परत आला.

हे काम म्हणजे केवढी चिकाटी! रिळं स्वच्छ करायची. कडेची फाटलेली भोकं हातानं जोडायची. मग एकेक फोटो स्कॅन करायचा. धूळ, ओरखडे, थरथर काढायची, पण फिल्मचा रवाळपणा तसाच ठेवायचा. रंग मूळ प्रतीशी ताडून पाहायचे. आवाजातली खरखर कमी करायची. गोधडी दुरुस्त करताना आजी जुना टाका उसवत नाही, फक्त फाटलेलं शिवते, तसं.

आणि एवढं करून सगळं हार्ड डिस्कवर ठेवलं की झालं का? नाही! हार्ड डिस्क बंद पडते, डीव्हीडी वाचता येईनाशी होते. व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीनं २०१६ साली ते बनवणं थांबवलं. आता कॅसेट असली तरी लावायची कशात? चांगल्या फिल्मचं मात्र उलट आहे. थंड, कोरड्या खोलीत ती शंभर वर्षं टिकू शकते आणि पाहायला भिंग नि उजेड पुरतो. म्हणून जाणकार डिजिटल प्रत करतात, पण रीळ फेकून देत नाहीत.

घरी पाहताना

आता थोडं पालकांसाठी आणि मुलांसाठीही :

१. जुना सिनेमा निवडताना निर्मात्यांनी किंवा संग्रहालयानं स्वतः दिलेली अधिकृत प्रत शोधा. एकाच सिनेमाच्या दोन प्रती मिळाल्या तर दोन्हींचा एकच प्रसंग लावून पाहा. फरक लगेच कळतो.

२. टीव्हीच्या सेटिंगमध्ये चित्राचा आकार 'मूळ' किंवा '४:३' ठेवा. चित्र ताणू नका.

३. 'व्हिव्हिड' ऐवजी 'सिनेमा' किंवा 'मूव्ही' हा पर्याय घ्या. हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद करा. ती सेकंदाच्या २४ फोटोंमध्ये स्वतःच्या मनाचे फोटो घुसवते.

४. इंटरनेट मंद असलं की चित्र आपोआप कमी ठिपक्यांचं होतं. सोय असेल तर अधिकृत अ‍ॅपवर आधी उतरवून घ्या, मग पाहा.

५. घरात लग्नाची, बारशाची कॅसेट असेल तर तिची डिजिटल प्रत लवकर करून घ्या. आणि कॅसेट टाकू नका!

करून पाहा

आलेखाची वही घ्या. एका पानावर ८ × ८ चौकटी आखा आणि फक्त पूर्ण चौकटी रंगवून मांजराचं तोंड काढा. मग ३२ × ३२ चौकटींत तेच तोंड काढा. दोन्ही चित्रं भिंतीला लावा आणि दहा पावलं मागे जा. काय दिसतं? आता आठ चौकटींचं चित्र समोर ठेवून, ते बत्तीस चौकटींत मोठं करून काढा. मिशा आल्या का? तुम्ही मनानं काढल्यात तरच येतील!

सांगा पाहू

१. अडीच तासांच्या सिनेमात एकूण किती फोटो असतात?
२. डीव्हीडीच्या (७२० × ५७६) किती पट ठिपके ब्लू-रेमध्ये असतात?
३. ११ मिनिटांचं एक रीळ धरलं, तर अडीच तासांच्या सिनेमाला किती रिळं लागतील?

(उत्तरं : १. २,१६,००० फोटो. २. बरोबर ५ पट. ३. १४ रिळं, चौदावं थोडं रिकामं.)